दंडाचे हाड उशिरा जुळते तेव्हा कोणता कोड लावावा?

दंडाचे हाड मोडलेला रुग्ण पहिल्या दिवशी येतो, तेव्हा त्याला कोड लावणे फारसे अवघड नसते. एक्स-रे ताजा असतो आणि हाड कुठे, कसे मोडले ते डॉक्टरांनी लिहिलेले असते. खरी कसोटी तीन-चार महिन्यांनी लागते. रुग्ण पुन्हा येतो, हात अजून दुखत असतो, एक्स-रेमध्ये हाड धरलेले दिसत नाही आणि केसपेपरवर एवढेच लिहिलेले असते: ‘फॉलोअप. ब्रेस चालू ठेवा. ४ आठवड्यांनी एक्स-रे.’ या नोंदीवरून कोड कोणता लावायचा, हा या लेखाचा विषय आहे.

कोल्हापुरात हा प्रश्न दोन प्रकारच्या लोकांना पडतो. सीपीआरसारख्या शासकीय आणि शहरातल्या खासगी अस्थिरोग रुग्णालयांत फाइली सांभाळणारे, मेडिक्लेमचे कागद भरणारे कर्मचारी हे पहिले. पुणे-बंगळूर महामार्ग, शिरोली आणि गोकुळ शिरगावच्या औद्योगिक वसाहती, उसाच्या ट्रॅक्टर-ट्रॉल्या, तालमीतली झटापट, पावसाळ्यातल्या निसरड्या पायऱ्या. हात मोडायला इथे कारणांची कमी नाही. दुसरे म्हणजे फार्मसी, नर्सिंग, फिजिओथेरपी किंवा जीवशास्त्राची पदवी घेऊन मेडिकल कोडिंगकडे वळलेले तरुण. ते अमेरिकेतल्या रुग्णांचे चार्ट वाचून कोड लावतात. दोघांची कोडपद्धत वेगळी आहे, पण दोघांनाही लागू पडणारा नियम एकच: हाड उशिरा जुळते आहे की जुळलेलेच नाही, हे डॉक्टरांनी ठरवायचे. ते नोंदीत नेमके आले आहे का, हे आपण पाहायचे आणि आले नसेल तर विचारायचे. अंदाजाने कोड लावायचा नाही.

एक सूचना आधीच देतो. या लेखात कोडमधली रोमन अक्षरे देवनागरीत लिहिली आहेत. संगणकावर ती रोमनमध्येच टाकायची असतात.

आधी हाड समजून घ्या

खांद्यापासून कोपरापर्यंतचे हाड म्हणजे ह्यूमरस. कोडिंगसाठी त्याचे तीन भाग पडतात: खांद्याकडचे वरचे टोक, मधला दांडा आणि कोपराकडचे खालचे टोक. प्रौढ माणसाचा दांडा मोडला, तर तो साधारण ८ ते १२ आठवड्यांत जुळून येतो. शस्त्रक्रिया न करता ब्रेसवर हाड जुळवण्याची पद्धत ऑगस्टो सार्मिएंतो या अस्थिशल्यविशारदाने १९७७ मध्ये मांडली आणि आजही ती वापरली जाते.

उशीर होण्यामागे ठरावीक कारणे असतात. हाड आडवे मोडले असेल, तर तुकड्यांना एकमेकांशी टेकायला जागा कमी मिळते. हाताच्या वजनाने खालचा तुकडा ओढला जाऊन फट राहते. मध्ये स्नायू अडकतो. हाडाचा चुरा झाला असेल किंवा जखम उघडी असेल, तर रक्तपुरवठा तुटतो. धूम्रपान, काबूत नसलेला मधुमेह, ड जीवनसत्त्वाची कमतरता आणि जंतुसंसर्ग यांनीही जुळणी लांबते. ही कारणे माहीत असली, की चार्ट वाचताना नजर योग्य ओळीवर थांबते.

तीन अवस्था वेगळ्या ओळखायला शिका. हाड जुळते आहे पण अपेक्षेपेक्षा संथ, ही विलंबित जुळणी. डॉक्टर तिला ‘डिलेड युनियन’ म्हणतात. जुळण्याची प्रक्रिया थांबली आहे, हे ‘नॉनयुनियन’. हाड जुळले पण वाकडे, हे ‘मालयुनियन’. दंडाच्या बाबतीत ३-४ महिन्यांनंतर पहिली आणि साधारण ६ महिन्यांनंतर दुसरी शंका घेतली जाते. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाच्या जुन्या व्याख्येत नॉनयुनियनसाठी ९ महिने उलटलेले असावेत आणि शेवटचे ३ महिने काहीही प्रगती नसावी, अशी अट होती. म्हणजे डॉक्टरांमध्येही एकच आकडा पक्का नाही. म्हणूनच आठवडे मोजून कोडरने निदान ठरवायचे नसते.

अमेरिकी पद्धतीचा कोड कसा बांधायचा

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून निदानासाठी आयसीडी-१०-सीएम ही कोडपद्धत वापरतात. त्यात खांदा आणि दंडाचे अस्थिभंग एस४२ या गटात येतात. वरच्या टोकासाठी एस४२.२, दांड्यासाठी एस४२.३ आणि खालच्या टोकासाठी एस४२.४.

दांड्याचे पुढचे अंक हाड कसे मोडले ते सांगतात: ० म्हणजे प्रकार नोंदलेला नाही, १ हिरव्या फांदीसारखे अर्धवट मोडलेले, म्हणजे ग्रीनस्टिक, २ आडवे, ३ तिरके, ४ पिळासारखे, ५ तुकडे-तुकडे झालेले, ६ दोन ठिकाणी मोडून मधला खंड सुटा झालेला, ९ इतर. तालमीत किंवा पंजा लढवताना दंड मोडतो, तो बहुधा पिळासारखा, म्हणजे एस४२.३४.

सहावा अंक बाजू आणि सरकणे सांगतो. आडवा, तिरका, पिळासारखा अशा बहुतेक प्रकारांत १ म्हणजे सरकलेला उजवा, २ सरकलेला डावा, ४ न सरकलेला उजवा, ५ न सरकलेला डावा. हाड सरकले की नाही हे लिहिलेले नसेल, तर सरकलेले धरायचे. उघडे की बंद हे लिहिलेले नसेल, तर बंद धरायचे. हे दोन्ही नियम अधिकृत मार्गदर्शक सूचनांत आहेत.

पहिली सहा स्थाने हाडाचा पत्ता सांगतात आणि सातवे अक्षर त्याची आजची तब्येत. पत्ता उपचारभर तोच राहतो. प्लेट टाकून हाड सरळ केले, तरी मूळ सरकलेला अस्थिभंग सरकलेलाच लिहायचा. बदलते ते फक्त सातवे अक्षर:

- ए: बंद अस्थिभंग, सक्रिय उपचार चालू
- बी: उघडा अस्थिभंग, सक्रिय उपचार चालू
- डी: पुढची भेट, हाड नेहमीप्रमाणे जुळते आहे
- जी: पुढची भेट, हाड उशिरा जुळते आहे
- के: पुढची भेट, नॉनयुनियन
- पी: पुढची भेट, मालयुनियन
- एस: अस्थिभंग बरा झाल्यावर मागे राहिलेला त्रास

म्हणजे डाव्या दंडाचा दांडा आडवा मोडला, सरकला आणि आता उशिरा जुळतो आहे, तर कोड एस४२.३२२जी. हातापायांच्या इतर काही हाडांच्या गटांत उघड्या अस्थिभंगाच्या पुढच्या भेटींसाठी वेगळी अक्षरे आहेत. एस४२ मध्ये ती नाहीत; जखम उघडी होती तरी जुळणीला उशीर झाल्यास जीच लावायचे. खांद्याचा अस्थिभंग एवढेच लिहिलेले असेल आणि कुठला भाग मोडला ते नसेल, तर एस४२.९१ किंवा एस४२.९२ वापरताना सहाव्या स्थानी एक्स टाकायला विसरू नका: एस४२.९१एक्सजी.

ए, जी आणि के यांचा गोंधळ टाळा

सर्वात जास्त चुका इथेच होतात.

‘ए’ पहिल्या भेटीसाठी असते, ही समजूत चुकीची आहे. ते सक्रिय उपचारासाठी असते. तातडीच्या विभागात पाहणे, हाड बसवणे, पहिली शस्त्रक्रिया, नव्या डॉक्टरांनी तपासून उपचार पुढे नेणे, हे सगळे त्यात येते. त्यानंतर हाड भरण्याच्या काळात प्लास्टर बदलणे, एक्स-रे पाहणे, औषध बदलणे, यांसाठी डीपासूनची अक्षरे.

मग नॉनयुनियनसाठी ८ महिन्यांनी मोठी शस्त्रक्रिया झाली, तर? शस्त्रक्रिया आहे म्हणून ‘ए’ लावण्याचा मोह होतो, पण तो चुकीचा. अस्थिभंगाच्या गुंतागुंतीवरचा उपचार पुढच्या भेटीच्या अक्षरानेच दाखवायचा, म्हणजे ‘के’.

याला एक अपवाद आहे आणि तो आपल्याकडच्या लोकांना चटकन समजेल. रुग्णाने उपचारच उशिरा घेतले असतील, तर पहिल्या उपचाराचे अक्षर लावायचे, असे सूचना सांगतात. हात मोडल्यावर गावच्या हाडवैद्याकडून पट्टी बांधून घेतली, दोन-तीन महिने गेले आणि मग अस्थिरोगतज्ज्ञाकडे आला, असा रुग्ण ग्रामीण भागात नवा नाही. असा इतिहास असेल, तर तो नोंदीत स्पष्ट आला पाहिजे. त्यावरच ए की जी हे ठरते.

आणखी तीन गोष्टी लक्षात ठेवा.

अस्थिभंगाच्या नंतरच्या काळजीसाठी झेड गटातले आफ्टरकेअर कोड लावायचे नाहीत. सातवे अक्षर ते काम करते.

साध्या पडण्याने ठिसूळ हाड मोडले आणि डॉक्टरांनी ऑस्टिओपोरोसिस नोंदवला, तर एस४२ सोडून एम८० मध्ये जायचे. त्या पडण्याने निरोगी हाड मोडले नसते, हा तिथला निकष आहे. वयोमानाच्या ऑस्टिओपोरोसिसने उजवा दंड मोडून उशिरा जुळत असेल, तर एम८०.०२१जी. गाठीमुळे हाड मोडले असेल, तर एम८४.५ पाहा.

हाड जुळून गेल्यावर फक्त कोपर आखडलेला असेल, तर आधी आखडण्याचा कोड, उजव्या कोपरासाठी एम२५.६२१, आणि मग अस्थिभंगाचा कोड ‘एस’ लावून.

सोबतचे कोड: कारण सांगणारे

उशीर का होतो आहे, हे एकट्या ‘जी’वरून कळत नाही. डॉक्टरांनी नोंदवले असेल, तर पुढचे कोड जरूर जोडा. तंबाखू चघळण्याचे व्यसन एफ१७.२२०, सिगारेटचे एफ१७.२१०. आपल्या भागात मावा, मिश्री, तंबाखू यांचा उल्लेख रुग्ण स्वतःहून करत नाही, म्हणून इतिहास घेताना विचारायची सवय रुग्णालयानेच लावावी. गुंतागुंत नसलेला टाइप २ मधुमेह ई११.९, साखर वाढलेली असल्याचे लिहिलेले असेल तर ई११.६५. ड जीवनसत्त्वाची कमतरता ई५५.९.

दंडाच्या मागून रेडियल नस जाते. दांड्याचा खालचा तिसरा भाग मोडला, की ती दुखावण्याची भीती असते. होल्स्टाइन आणि लुइस या दोघांनी १९६३ मध्ये हे वर्णन केले. मनगट लटकले असल्याची नोंद असेल, तर नसेच्या इजेसाठी एस४४.२ मधला कोड शोधा. प्लेट किंवा रॉड तुटला असेल, तर उजव्या दंडासाठी टी८४.११०, डाव्यासाठी टी८४.१११ आणि पुढे सातवे अक्षर.

अपघाताचे कारण सांगणाऱ्या कोडमध्ये ‘जी’ नसते, फक्त ए, डी आणि एस असतात. म्हणून मुख्य कोड ‘जी’ने संपला, तरी घसरून पडण्याचा कोड डब्ल्यू०१.०एक्सएक्सडी असा येईल. घटनेचे ठिकाण आणि त्या वेळी रुग्ण काय करत होता, हे कोड फक्त पहिल्या भेटीला लावायचे.

एका अक्षराने काय बदलते

अमेरिकेत हाड भरायला मदत करणारे अल्ट्रासाउंड यंत्र मिळते. वृद्धांसाठीचा सरकारी विमा मेडिकेअर त्याचा खर्च नॉनयुनियनसाठी देतो. नव्या अस्थिभंगासाठी किंवा विलंबित जुळणीसाठी देत नाही. त्यातही किमान ९० दिवसांच्या अंतराने काढलेले एक्स-रेचे दोन संच आणि मधल्या काळात हाड भरल्याची लक्षणीय खूण नाही, असे डॉक्टरांचे लेखी मत लागते. आता विचार करा: चार्टमध्ये विलंबित जुळणी असताना कोडरने ‘के’ लावले, तर खोटा दावा होतो. नॉनयुनियन असताना ‘डी’ लावले, तर रुग्णाच्या हक्काचे उपचार अडतात.

शस्त्रक्रियेच्या कोडमध्येही हीच दक्षता लागते. अमेरिकेतल्या उपचारांच्या कोडपद्धतीत, म्हणजे सीपीटीत, दांड्याच्या अस्थिभंगावर शस्त्रक्रियेविना आणि हाड न हलवता उपचार केल्यास २४५००, हाड हलवून बसवल्यास २४५०५, उघडून प्लेट टाकल्यास २४५१५, हाडाच्या पोकळीत रॉड घातल्यास २४५१६. या सगळ्यांना ९० दिवसांचा एकत्रित कालावधी असतो. त्यातल्या नेहमीच्या भेटींचे वेगळे बिल होत नाही. विलंबित जुळणी बहुधा याच सुमारास किंवा त्यानंतर उघड होते, म्हणून मूळ उपचाराची तारीख शोधून दिवस मोजा. नॉनयुनियनची दुरुस्ती हाड न लावता केली तर २४४३०, कमरेचे किंवा रुग्णाचेच दुसरे हाड लावून केली तर २४४३५.

कोल्हापुरातल्या रुग्णालयात वेगळे पुस्तक

आपल्याकडे विम्याच्या दाव्याचा ‘भाग बी’ रुग्णालय भरते आणि त्यात निदानासाठी आयसीडी-१०चा रकाना असतो. इथे जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० आणि अमेरिकी आवृत्ती यांची सरमिसळ धोक्याची ठरते. मूळ आवृत्तीत जी, के, पी ही अक्षरे नाहीत. तिथे विलंबित जुळणीला स्वतंत्र कोड आहे: एम८४.२. मालयुनियनला एम८४.०, नॉनयुनियनला एम८४.१. पुढे २ जोडला की दंड, म्हणून दंडाच्या विलंबित जुळणीसाठी एम८४.२२. अमेरिकी आवृत्तीत हे तिन्ही कोड नाहीतच.

याहून फसवा सापळा एस४२.३१ हा आहे. मूळ आवृत्तीत त्याचा अर्थ दांड्याचा उघडा अस्थिभंग. अमेरिकी आवृत्तीत तो लहान मुलांत दिसणाऱ्या ग्रीनस्टिकचा गट. इंटरनेटवर कोड शोधून उचलणारा कर्मचारी इथे हमखास फसतो. आपली टीपीए, म्हणजे विम्याचे दावे हाताळणारी संस्था, किंवा विमा कंपनी कोणती आवृत्ती मागते, हे एकदा लेखी विचारून घ्या आणि ते उत्तर टेबलाजवळ लावून ठेवा.

राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना म्हणून २०१२ साली सुरू झालेली आणि २०१७ पासून महात्मा जोतिराव फुले यांच्या नावाने ओळखली जाणारी जन आरोग्य योजना मात्र पॅकेजवर चालते. तिथे पॅकेजचा कोड वेगळा असतो, पण मंजुरीसाठी लागणारे एक्स-रे, तारखा आणि डॉक्टरांचे निदान यांच्यात मेळ असावाच लागतो. योजनेच्या आरोग्यमित्राकडे कागद जाण्याआधी जुना आणि नवा एक्स-रे तारखांसह एकत्र लावा.

एकच रुग्ण, दोन पद्धती

समजा, ४६ वर्षांचा एक गृहस्थ ओल्या फरशीवर घसरला. डाव्या दंडाचा दांडा आडवा मोडला आणि सरकला. ब्रेस दिला. १६व्या आठवड्यात डॉक्टर लिहितात: विलंबित जुळणी, दोन्ही टोकांना जोडणारा कॅलस (नवे हाड) अपुरा, टाइप २ मधुमेह, तंबाखू चघळण्याचे व्यसन.

अमेरिकी पद्धतीत: एस४२.३२२जी, ई११.९, एफ१७.२२०, डब्ल्यू०१.०एक्सएक्सडी. मूळ आयसीडी-१० मध्ये: एम८४.२२, सोबत ई११.९ आणि एफ१७.२.

नवव्या महिन्यात डॉक्टरांनी नॉनयुनियन लिहून कमरेचे हाड घेऊन प्लेट टाकली, तर अमेरिकी कोड एस४२.३२२के आणि शस्त्रक्रियेसाठी २४४३५, डाव्या बाजूच्या मॉडिफायरसह. मूळ पद्धतीत एम८४.१२. दोन्हीकडे बदलाचे कारण एकच: डॉक्टरांची नवी नोंद.

डॉक्टरांना कसे विचारावे

‘हाड हळू भरते आहे’, ‘कॅलस कमी’, ‘फट दिसते’ ही निरीक्षणे आहेत, निदान नव्हे. त्यावरून ‘जी’ लावू नका. हाड कुठे मोडले याचा तपशील एक्स-रे अहवालातून घेता येतो, पण जुळणीची अवस्था उपचार करणाऱ्या डॉक्टरांकडूनच लिहून घ्या. विचारताना उत्तर सुचवायचे नाही. क्वेरी अशी असावी:

‘डाव्या दंडाच्या अस्थिभंगाला १६ आठवडे झाले आहेत. अमुक तारखेच्या एक्स-रे अहवालात जोडणारा कॅलस अपुरा असल्याचे नोंदले आहे. ब्रेस चालू ठेवण्यास सांगितले आहे. कृपया जुळणीची अवस्था नोंदवावी: नेहमीप्रमाणे जुळणी / विलंबित जुळणी / नॉनयुनियन / मालयुनियन / इतर / सांगता येत नाही.’

यात तथ्ये आहेत, सगळे पर्याय आहेत आणि पैशांचा उल्लेख कुठेही नाही. ‘जी लावले तर क्लेम पास होईल’ असे तोंडीसुद्धा म्हणू नका. बाह्यरुग्ण विभागात डॉक्टरांसमोर रांग असते हे खरे, म्हणून रुग्णालयाने फॉलोअपच्या केसपेपरवरच या सहा पर्यायांचे चौकोन छापून घ्यावेत. एक खूण करायला डॉक्टरांना वेळ लागत नाही आणि पुढचे सगळे वाद मिटतात.

नव्याने शिकणाऱ्यांसाठी

मेडिकल कोडरसाठीच्या सीपीसी परीक्षेत १०० प्रश्न ४ तासांत सोडवायचे असतात आणि उत्तीर्ण होण्यासाठी ७० टक्के लागतात. पुस्तक सोबत ठेवता येते, पण मार्गदर्शक सूचना आधी वाचलेल्या नसतील, तर त्याचा उपयोग होत नाही. एकोणिसाव्या प्रकरणातल्या इजांच्या सूचना शांतपणे वाचा. आयसीडी-१०-सीएमचे कोड दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलतात, म्हणून जुन्या पुस्तकावर सराव करू नका. ह्यूमरसचे चित्र स्वतः काढून त्यावर तिन्ही भागांचे गट लिहा. पाठ करण्यापेक्षा ते लवकर पक्के होते.

कोड सादर करण्याआधी एवढे तपासा:

१. हाडाचा भाग, मोडण्याचा प्रकार, बाजू आणि सरकणे नोंदीत आहे का?
२. ही भेट सक्रिय उपचाराची आहे की हाड भरण्याच्या काळातली?
३. विलंबित जुळणी किंवा नॉनयुनियन हे शब्द उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी लिहिले आहेत का?
४. ऑस्टिओपोरोसिस किंवा गाठ नोंदली आहे का?
५. तंबाखू, मधुमेह, नसेची इजा, तुटलेले इम्प्लांट यांचे कोड जोडले का?
६. समोरची संस्था कोणती आवृत्ती मागते?

यातल्या तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर ‘नाही’ आले, तर फाइल पुढे पाठवू नका, क्वेरी पाठवा. उद्दिष्ट पूर्ण करण्याचा दबाव दोन्हीकडे असतो, रुग्णालयात महिनाअखेरीचा आणि कंपनीत रोजच्या चार्टसंख्येचा. तरीही ही एक पायरी गाळू नका. ४ महिने हात गळ्यात बांधून काम बुडालेल्या माणसाचे पुढचे उपचार, रजा आणि विम्याचे पैसे याच एका नोंदीवर ठरणार असतात.